हत्ती, उंट आणि पन्नास खेळ्या

सकाळी सव्वासहा

खोलीचा पडदा सरकवला तर आजोबा मैदानात. हॉटेलच्या मागे एका शाळेचं मैदान आहे, त्याला ते रोज आठ फेऱ्या मारतात. हात पाठीमागे, मान किंचित खाली, पावलं एकसारखी. वय ६२. पूर्व युरोपातले, सोव्हिएत काळात घडलेले ग्रँडमास्टर. आम्ही पंच मंडळी आपसांत त्यांना आजोबाच म्हणतो. परवा एका तेरा वर्षांच्या मुलानं त्यांना हरवलं, काल ते जिंकले. फेऱ्या दोन्ही दिवशी आठच.

मी मूळची सांगलीची. आमच्याकडे उन्हाळ्याची सुट्टी लागली की नूतन बुद्धिबळ मंडळाच्या स्पर्धा सुरू व्हायच्या. मंडळाच्या भाऊसाहेब पडसलगीकरांना मी लहानपणी अगदी जवळून पाहिलं. गावातल्याच भाग्यश्री साठे, म्हणजे पुढच्या भाग्यश्री ठिपसे, पाच वेळा राष्ट्रीय विजेत्या झाल्या. आपणही तसंच खेळायचं असं तेव्हा वाटायचं. खेळात तितकी मजल गेली नाही, पण पटाजवळून हलावंसंही वाटलं नाही, म्हणून पंचाची परीक्षा दिली. त्याला आता बावीस वर्षं झाली. एवढ्या वर्षांत ग्रँडमास्टरांना मी जितक्या जवळून पाहिलं, तितकं त्यांच्या घरच्यांनी तरी पाहिलं असेल का, असं कधी कधी वाटतं. पाच पाच तास हातभर अंतरावरून, एक शब्दही न बोलता.

आज आठवी फेरी. एकूण नऊ.

पावणेनऊ

नाश्त्याला इडली, पोहे, उकडलेली अंडी. ग्रँडमास्टर मंडळी खाताना फार बोलत नाहीत. ताटाशेजारी मोबाइल, मोबाइलवर प्रतिस्पर्ध्याचे जुने डाव. कुणाशी खेळायचं ते काल रात्री साडेआठलाच लागलंय, म्हणजे डाव खरं तर तेव्हाच सुरू झाला.

आमच्याकडचा एक ग्रँडमास्टर उशिरा आला, डोळे लाल. त्याला मी तो नऊ वर्षांचा असल्यापासून ओळखते. वडील रात्रीच्या एसटीनं त्याला घेऊन यायचे आणि फेरी सुरू होईपर्यंत दोघं सभागृहाच्या व्हरांड्यात चादर टाकून झोपायचे. आता तो ३४ वर्षांचा आहे.

"झोप नाही का झाली रे?" मी विचारलं.

"सहाला क्लास होता ना, ताई. तिकडे रात्रीचे साडेआठ असतात. दोन मुलं आहेत अमेरिकेतली. स्पर्धा आहे म्हणून सुट्टी घेतली, तर ती दुसरा कोच शोधतात."

त्यानं ताटात दोन इडल्या घेतल्या आणि लॅपटॉप उघडला.

लोकांना वाटतं, ग्रँडमास्टर झाला म्हणजे पोहोचला. किताब जन्मभराचा असतो हे खरं. पण त्याबरोबर पगार येत नाही. १९५० साली आंतरराष्ट्रीय बुद्धिबळ महासंघानं, म्हणजे फिडेनं, पहिल्यांदा हा किताब दिला तेव्हा सगळ्या जगात २७ जण होते. आज दोन हजारांच्या घरात आहेत. त्यातले वरचे पन्नास-साठ जण नुसत्या खेळावर चांगले जगतात. बाकीच्यांचं आयुष्य आयोजकांनी दिलेली खोली, दोन वेळचं जेवण, बक्षीस मिळालं तर मिळालं आणि पहाटेचे क्लास यांवर उभं असतं. तेल कंपन्यांत किंवा रेल्वेत खेळाडू म्हणून नोकरी लागली, तर घरच्यांच्या जिवात जीव येतो. प्रवीण ठिपसे १९९७ मध्ये ग्रँडमास्टर झाले तेव्हा देशात त्यांच्या आधी दोघंच होते, १९८८ मध्ये आनंद आणि १९९१ मध्ये दिब्येंदू बारुआ. त्यानंतर २००० साली पुण्याचा अभिजित कुंटे. तेव्हा पेपरात फोटो यायचा. आता ८८ हून अधिक झालेत, आणि अनेकांची बातमी त्यांच्या जिल्ह्याबाहेर जात नाही. मेहनत मात्र तेवढीच आहे. उलट वाढलीच आहे, कारण आता समोरच्या बारा वर्षांच्या पोरापाशीही तेच इंजिन आहे.

साडेदहा

व्हरांड्यात एक आई थांबवते. तालुक्याच्या गावाहून आलेली, मुलगा चौदा वर्षांचा. सात फेऱ्यांत त्यानं दोन ग्रँडमास्टरांना हरवलंय.

"मॅडम, आज जिंकला तर नॉर्म होईल का हो?"

"आज जिंकला तर उद्या बरोबरी पुरेल," मी सांगितलं. "आज बरोबरी झाली तर उद्या जिंकावंच लागेल."

"उद्या काळी मोहरी येतील का?"

"बहुतेक."

नॉर्मचं गणित आता या आयांना तोंडपाठ असतं. ग्रँडमास्टर व्हायचं तर असे तीन नॉर्म आणि २५०० रेटिंग लागतं. नॉर्म म्हणजे साधारण नऊ फेऱ्यांत २६०० च्या दर्जाचा खेळ. त्यातही प्रतिस्पर्ध्यांपैकी किमान तीन ग्रँडमास्टर हवेत आणि परदेशी खेळाडूही हवेत. आजोबांसारख्यांना आयोजक बोलावतात ते एवढ्याचसाठी. त्यांच्याशी खेळल्याशिवाय आपल्या पोरांचा नॉर्म होत नाही, आणि त्यांच्याशी खेळताना तो हातचा जाऊही शकतो. आज तिच्या मुलाचा डाव आजोबांशीच आहे.

नागपूरच्या संकल्प गुप्तानं २०२१ मध्ये तिन्ही नॉर्म सलग २४ दिवसांत केले होते. नागपूरच्याच दिव्या देशमुखला तर एकाही नॉर्मची गरज पडली नाही. जुलै २०२५ मध्ये बटुमीला तिनं महिला विश्वचषक जिंकला आणि थेट ग्रँडमास्टर झाली, देशातली ८८वी. अंतिम फेरीत समोर कोनेरू हंपी होती. हंपी २००२ मध्ये ग्रँडमास्टर झाली तेव्हा दिव्याचा जन्मही झालेला नव्हता. या गोष्टी आया एकमेकींना सांगतात आणि त्यावर धीर धरतात. एकेका नॉर्मसाठी सहा-सहा वर्षं जातात, त्या गोष्टी सांगायला त्यांच्याजवळ कुणी नसतं. त्या मी पाहिलेल्या असतात, पण मी पंच आहे. मी फक्त नियम सांगते.

दीड

सभागृहात आम्ही पाच पंच. मोहरी लावून झाली, घोड्यांची तोंडं समोर. पहिल्या वीस पटांवरून खेळी थेट इंटरनेटवर जाते, त्यांच्या तारा तपासल्या. मग घड्याळं. प्रत्येकाला ९० मिनिटं आणि प्रत्येक खेळीमागे ३० सेकंद वाढीव. मी एकेक घड्याळ सुरू करून बटण दाबते आणि ३० सेकंद खरंच वाढले का ते डोळ्यांनी पाहते. बरोबरचे नवे पंच म्हणतात, मॅडम, एकदा सेटिंग केलंय ना? केलंय. तरी पाहते.

एकदा माझ्या हातून चूक झाली होती. फार वर्षांपूर्वीची गोष्ट. एका पटाच्या घड्याळात वाढीव सेकंद लावायचेच राहून गेले. दोघं खेळत राहिले, आणि अठ्ठाविसाव्या खेळीला त्यातल्या ग्रँडमास्टरांनी शांतपणे हात वर केला. माझे पाय थरथरत होते. त्यांनी घड्याळाकडे बोट दाखवलं, मी हिशेब करून दोघांची वेळ दुरुस्त केली, ते मानेनं "ठीक" म्हणाले आणि पुन्हा पटाकडे वळले. तक्रार नाही, आवाज चढवणं नाही. तोवर ऐन लढाईत ते विनाकारण वेळेच्या काळजीनं खेळले होते, आणि तो डाव ते पुढे हरले. त्या माणसाचा मोठेपणा मी विसरलेले नाही, माझी चूकही नाही.

तीन

दाराशी मेटल डिटेक्टर. मोबाइल बाहेर, घड्याळ बाहेर. आजोबा स्वेटर हातावर घेऊन येतात, एसी त्यांना सोसत नाही. खिशात दोन केळी आणि कागदात बांधलेले अक्रोड. पोरगा आधीच बसलेला, प्रत्येक मोहरं घराच्या बरोबर मध्यावर सरकवतोय. हात मिळवले. घड्याळं सुरू झाली आणि दोनशे माणसांच्या सभागृहात एकदम पाऊस थांबल्यासारखी शांतता पसरली. बावीस वर्षं झाली, तरी या क्षणी माझ्या अंगावर काटा येतोच.

साडेचार, साडेपाच

दोन बरोबऱ्या लवकर झाल्या. सातव्या पटावर आमचा ग्रँडमास्टर एका बारा वर्षांच्या मुलीशी खेळत होता. तिचं रेटिंग त्याच्याहून २३० नं कमी. त्यानं सगळं करून पाहिलं, मुलगी ढळली नाही. बरोबरी. बरोबरी करूनही त्याचं रेटिंग जवळपास ३ गुणांनी उतरलं. असे ३-३ करत वर्षभरात तीस-चाळीस जातात. स्कोअरशीटवर सही करताना त्यानं मुलीला विचारलं, "घोडा परत का नेलास? छान होती ती चाल." मुलगी लाजली. त्याच्या कपाळावरची शीर मला दिसत होती, पण आवाजात तिचा मागमूस नव्हता.

सात

आता तीनच पट चालू. तिसऱ्या पटाजवळ मी खुर्ची टाकली. ६३ व्या खेळीला पोरानं आजोबांचं शेवटचं प्यादं खाल्लं. उरलं काय? पांढऱ्याकडे राजा, हत्ती, उंट. काळ्याकडे राजा, हत्ती. पटावर एकही प्यादं नाही.

बुद्धिबळात यापेक्षा जिवावर बेतणाऱ्या अवस्था फार नाहीत. नीट बचाव केला तर बहुतेक वेळा बरोबरी. पण तो बचाव नुसता माहीत असून भागत नाही, चार तास खेळल्यावर, घड्याळात एखादं मिनिट उरलेलं असताना तो करावा लागतो. इथपासून पन्नास खेळ्या. दोघांच्याही पन्नास खेळ्यांत काही मारलं गेलं नाही आणि प्यादं हललं नाही, तर बरोबरीचा दावा करता येतो. संगणकानं दाखवलंय की काही जागांवरून हा विजय मिळवायला ५९ खेळ्या लागतात. काही वर्षं फिडेनं अशा मोजक्या अवस्थांसाठी ही मर्यादा वाढवलीही होती. १९९२ पासून सगळ्यांना सरसकट पन्नास.

दोघांचेही कागद भरले होते. मी नवीन स्कोअरशीट दिली. आजोबांचा कागद माझ्यासमोर. ते त्यांच्या भाषेत लिहितात. त्यांच्याकडे आपल्या हत्तीला 'लाद्या' म्हणतात, म्हणजे होडी, आणि आपल्या उंटाला 'स्लोन', म्हणजे हत्ती. बंगालीतही तसंच आहे, तिथंही आपला हत्ती म्हणजे नौका. एकाच पटावर आपलं पोर उंटाला उंट समजून पुढे सरकवत होतं आणि समोर आजोबा त्याच उंटाला हत्ती म्हणून लिहून घेत होते.

आजोबांनी जो बचाव घेतला त्याला कॉक्रेनचा बचाव म्हणतात. जॉन कॉक्रेन हा एकोणिसाव्या शतकातला स्कॉटिश बॅरिस्टर, आयुष्यातली कितीतरी वर्षं कलकत्त्यात होता. तिथं तो मोहेशचंद्र बॅनर्जींशी खेळायचा. त्यांच्याच डावांवरून पुढे 'इंडियन डिफेन्स' हे नाव आलं. बचाव सांगायला सोपा आहे: उंट राजाच्या पुढ्यात आला की समोरून हत्ती आणून त्याला तिथंच जखडायचं, आणि पांढरा राजा ज्या बाजूला सरकेल त्याच्या उलट बाजूला आपला राजा न्यायचा. आजोबा हे १९७० च्या दशकात मुलांसाठीच्या सोव्हिएत पायोनियर पॅलेसमध्ये शिकले असणार. तिथं बुद्धिबळाचे वर्ग असायचे, पुढे ग्रँडमास्टर झालं की सरकार दरमहा पैसे द्यायचं. १९९१ मध्ये देशच राहिला नाही. पैसे बंद झाले आणि त्यांच्यासारखे शेकडो जण एक बॅग घेऊन गावोगावच्या खुल्या स्पर्धांना निघाले. तीस वर्षांहून जास्त काळ झाला, बॅग अजून उघडीच आहे.

खेळी ऐंशी. नव्वद. प्रत्येक खेळीला अर्धा मिनिट. आजोबांच्या डाव्या हाताची बोटं टेबलाखाली एकेक करून मिटत होती. ते मोजत होते. पोरगा मोजत नव्हता.

९७ व्या खेळीला आजोबा चुकले. थकवा, दुसरं काही नाही. राजा चुकीच्या घरात गेला आणि मी १७४९ सालापासून पुस्तकात छापली जाणारी ती जागा पटावर पाहिली: काळा राजा शेवटच्या ओळीत, पांढरा राजा एक घर सोडून त्याच्या समोर, उंट पांढऱ्या राजाच्या पाठीशी. फिलिडोरची अवस्था. इथून पांढरा जिंकतो. माझ्या चेहऱ्यावर काही दिसू नये म्हणून मी खाली माझ्या वहीत पाहिलं. मनात कोण जिंकावं असं होतं, ते मी आजही सांगू शकत नाही. दोघंही जिंकावेत असं वाटत होतं आणि तसं होत नसतं.

पोरानं वीस सेकंद विचार केला आणि शह दिला. चुकीच्या बाजूनं. आजोबांनी लगेच राजा हलवला आणि हत्ती पुन्हा उंटाच्या मागे आणला. साडेसात वाजून पाच-सहा मिनिटं झाली होती.

दिव्यानं त्या विश्वचषकाच्या उपांत्य फेरीत तान झोंगयीला १०१ खेळ्यांत हरवलं होतं. लोकांनी विजयाचा फोटो पाहिला. शंभर खेळ्या होईपर्यंत खुर्चीत ताठ बसायची ताकद कुठून येते, हे कळायला हे शेवटचे दोन तास पाहावे लागतात.

पांढऱ्याची ११३ वी खेळी झाली. आजोबांनी घड्याळ थांबवलं, हात वर केला. "फिफ्टी मूव्ह्ज."

मी दोन्ही कागद घेतले. नियम आहे, मोजावंच लागतं. पेन्सिलीनं एकेका खेळीवर बारीक टिंब देत ६३ पासून खाली आले. पोरगा माझ्या पेन्सिलीकडे बघत होता. पन्नास भरले. "बरोबरी," मी म्हटलं. त्यानं ओठ घट्ट मिटले, हात पुढे केला, सही केली आणि दोन्ही राजे पटाच्या मध्यावर ठेवले. शिकवलेलं सगळं नीट केलं.

सात बावन्न

बाहेर आई भिंतीला टेकून मोबाइल पाहत होती. कुणी बाहेरून मदत करू नये म्हणून थेट प्रक्षेपण पंधरा मिनिटं उशिरा दाखवतात. तिच्या मोबाइलवर नुकतीच ९७ वी खेळी आली होती. पडद्याच्या कडेची, कोण वरचढ ते दाखवणारी पट्टी झपकन वर जाऊन सगळी पांढरी झाली होती. तिला खेळ फारसा कळत नाही, पण पट्टी कळते. तिनं मान वर केली तेव्हा तिचा चेहरा उजळलेला होता, आणि समोर दारातून मुलगा बाहेर येत होता.

मी पाठमोरी झाले. मला पुढच्या पटाचा निकाल घ्यायचा होता.

सव्वाआठ

विश्लेषणाच्या खोलीत आजोबांनी स्वतः पट मांडला. पोराला हाक मारली, "कम, बॉय." फिलिडोरची जागा लावली आणि पांढऱ्या बाजूला त्याला बसवलं. पोरगा चुकला की ते मोहरी मागे नेत आणि पुन्हा लावत. एकदा, दोनदा, पाच वेळा. बोलणं जवळजवळ नव्हतंच, "नो", "येस" आणि एकदा "वेट". सहाव्या वेळी पोरानं हत्ती योग्य बाजूला नेला, नंतर नुसती वाट पाहायची एक चाल केली, आणि आजोबांनी स्वतःचा राजा आडवा केला. मग अक्रोडाचा कागद उघडून त्याच्यापुढे धरला. पोरानं एक घेतला. आई दारात उभी होती. तिनं पदरानं डोळे पुसले आणि आत आली नाही.

साडेदहा

पेअरिंग लागलंय. पोराची उद्या काळी मोहरी, समोर आमचा ग्रँडमास्टर. तो जिंकला तर पहिल्या पाचांत येईल. घराचा हप्ता आहे, मला माहीत आहे. पोराला जिंकावंच लागेल.

रिसेप्शनवर आजोबा उद्याच्या फेरीनंतरची टॅक्सी सांगत होते. परवा त्यांची दुसऱ्या राज्यात पहिली फेरी आहे. ते गेल्यावर आमचा ग्रँडमास्टर लिफ्टपाशी दिसला, काखेत लॅपटॉप.

"ताई, पोराचा आजचा डाव बघितला," तो म्हणाला. "चांगला खेळतो."

"हो."

"जेवला का तो?"

"जेवला. आई आहे बरोबर."

"बरं," म्हणाला, आणि लिफ्टमध्ये शिरताना लॅपटॉप उघडूही लागला.